काचेच्या आतली वाफ

॥ श्री ॥

टाकळवाडी, ता. आष्टी
रविवार, २२ डिसेंबर २०२४
सकाळी ६ वाजून १० मिनिटे

तीर्थरूप मामांस,
आदिनाथचा शि. सा. न. वि. वि.

या वेळेला मी पेटीची काच सोड्याच्या पाण्याने धुऊन उठलो आहे. गुरुवारपासून ही चौथी वेळ. काच पहिल्याच वेळेला स्वच्छ झाली होती, तरी धुतो आहे. आई आतून विचारते की इतक्या गारठ्यात पाण्यात हात कावून घालतोस. तुम्हाला फोनवर ऐकू येत नाही याचे आज प्रथमच बरे वाटले, कारण हे मला तोंडाने सांगता आले नसते.

पेटी तुम्ही दिवाळीत पाहिली आहे. सुंदररावांनी निवडणुकीआधी गावाला दिलेली, मयत ठेवायची थंड पेटी. वर काच, खाली यंत्र, बाजूला सुंदररावांचा हात जोडलेला फोटो. मयताशेजारी हसणारा हा पहिलाच पुढारी, असे तुम्ही म्हणाला होतात. मंडप आणि जनरेटर माझ्याकडे असल्याने पेटीही माझ्याकडेच असते. ऊसतोडीच्या दिवसांत ती लागतेच. गावात राहतात म्हातारी माणसे आणि शाळेची पोरे. कोणी गेले तर लेक कर्नाटकातून येईपर्यंत देह ठेवायचा कुठे?

गुरुवारी, १९ तारखेला, सकाळी साडेसातला छबुबाई सांगत आल्या की शेजारच्या साखराबाई उठेनात. पहाटे नळाला पाणी आले म्हणून त्या भरायला उठल्या असाव्यात. हौदाशेजारी पडल्या होत्या, लुगडे भिजलेले, हात लाकडासारखे. छबुबाईंनी नाकाशी कापसाचे सूत धरले, ते हलले नाही. सटवाआबांनी मनगट पाहिले आणि गेली म्हणाले. गावात कोणी गेल्याचे सटवाआबाच सांगतात, हे तुम्हाला माहीत आहे. आरोग्य उपकेंद्राला कुलूप होते. साखराबाईंचा मुलगा बंकटभाऊ तोडीवर आहेत, त्यांना फोन लावला. ते म्हणाले, गाडी मिळाली तर उद्या पहाटे पोचतो. सटवाआबा माझ्यावर ओरडले की हुबा कावून हायस, आण की पेटी, ऊन चढायच्या आत.

मी नेहमी वहीत नोंद ठेवतो. ८:५५ ला देह आत ठेवला, आतले तापमान १९. ९:३० ला ११. १०:२० ला ६, आणि तेव्हा काचेवर, आतल्या बाजूने, बरोबर तोंडाच्या वर वाफ धरलेली दिसली. तळहाताएवढी. १०:३२ ला ती गेली. १०:४१ ला पुन्हा आली. अशी ती नऊ वेळा आली आणि गेली. शेवटची १२:५० ला. त्यानंतर काच कोरडी राहिली, दुसऱ्या दिवशी पहाटे ५:१० ला बंकटभाऊ आले तोपर्यंत.

मी सटवाआबांना बोलावून दाखवले. ते म्हणाले, यंत्र हाय, घाम येतो यंत्राला. छबुबाई म्हणाल्या, जीव अडकलाय तिचा लेकात. मग मी पुन्हा स्टुलावर बसलो आणि नोंदी करत राहिलो. झाकण उघडले नाही. उघडल्यास थंडावा जातो, वारंवार उघडू नये, असे पेटीबरोबर आलेल्या कागदावर छापले आहे.

मामा, ती वाफ कुठून आली? साखराबाईंना शुक्रवारी नऊ वाजता अग्नी दिला, आता राखेला काय विचारणार. तुम्ही हायस्कूलच्या प्रयोगशाळेत तीस वर्षे काढली आहेत. मी अकरावी सायन्स अर्धवट सोडलेला. मला नीट सांगा. मी जिवंत बाईला पेटीत ठेवले का?

उत्तराची वाट पाहतो. लोभ आहे तसाच ठेवा, हे वाचल्यानंतरही.

आपला,
आदिनाथ


सिरसाळा, ता. परळी
२८ डिसेंबर २०२४

चि. आदिनाथ यास,
राधाकिशनमामाचे अनेक आशीर्वाद.

पत्र पावले. तीनदा वाचले. शुद्धलेखनाची एकही चूक नाही, म्हणजे माझा लाल पेन यंदा उपाशी.

आता मुद्द्याचे. वाफ म्हणजे हवेतले पाणी. आत लुगडे ओले, काच गार, झाकणाच्या रबरातून बाहेरची हवा जरा जरा येत असणार. यंत्र दहा-पंधरा मिनिटांनी चालू-बंद होते, म्हणून वाफही येते-जाते. आतले पाणी सुकले की संपले. सगळे सरळ आहे. तू पदार्थविज्ञान पाहिलेस आणि त्याला माणूस समजलास.

तुला आठवते का, लहानपणी तू माझ्याकडे राहायला आलास की माझ्याबरोबर प्रयोगशाळेत यायचास. मी मेलेल्या बेडकाच्या पायाला सेलची तार लावायचो आणि पाय उडायचा. निम्मा वर्ग भूत म्हणून किंचाळायचा, निम्मा करंट म्हणून टाळ्या वाजवायचा. पाय तोच. तू किंचाळणाऱ्यांत होतास. तेव्हा आठ वर्षांचा होतास, आता बावीसचा आहेस.

जुन्या काळी परदेशात लोकांना जिवंत पुरले जाण्याची इतकी धास्ती होती की ते शवपेटीला बाहेर घंटा बांधून ठेवत आणि तिची दोरी मयताच्या बोटाला. हे मी शाळेच्या वाचनालयातल्या एका पुस्तकात वाचले होते. ती घंटा कोणी आतून वाजवल्याचे मात्र पुस्तकात नव्हते. धास्ती ही अशी असते.

खात्री हवी असेल तर करून पाहा. साखराबाईंच्या वजनाएवढे ज्वारीचे पोते ओल्या वाकळेत गुंडाळून आत ठेव आणि वाफ कुठे धरते ते लिही. आणि जेवत जा. वनमालाने शेजारच्या पोराकडून मेसेज लिहवून मला पाठवला आहे की तू दोन दिवस अर्धीच भाकरी खातोस. माझी बहीण भाकऱ्या मोजते आणि तू वाफा मोजतोस, दोघेही एका मुशीतले.

तुझ्या खुशालीच्या चार ओळींची वाट पाहणारा,
मामा


टाकळवाडी
रविवार, ५ जानेवारी २०२५, दुपारी १:३०

तीर्थरूप मामांस,
शि. सा. न. वि. वि.

तुम्ही सांगितल्याप्रमाणे केले. १ तारखेपासून ४ तारखेपर्यंत रोज एकदा. अडतीस किलो ज्वारी, ओली वाकळ, तीच वेळ, पेटीत तीच जागा. रबर फाटले आहे खरे, पण पायाच्या बाजूला. वाफ धरली ती सगळी पायाच्या कडेला, बोटभर पट्टी. तोंडाच्या जागी काच चारही दिवस कोरडी राहिली.

पाचव्या खेपेला, म्हणजे आज सकाळी, मी तोंडाच्या जागी कोमट पाण्याचा तांब्या ठेवला. नऊ मिनिटांत तळहाताएवढी वाफ धरली. यंत्र चालू झाले की गेली, बंद झाले की आली. मामा, ती तशीच होती. तिचा आकार मी ओळखतो.

म्हणजे तुमचे यंत्राचे म्हणणे बरोबर आहे. पण तिथे काहीतरी उबदार असावे लागते.

गावात वेगळेच चालले आहे. मी रिकामी पेटी चालवतो हे पोरांनी पाहिले आणि आता पेटी श्वास घेते अशी आवई उठली आहे. बाया माझ्या मंडपाच्या शेडवरून जाताना पदर तोंडाला लावतात. पोरे पैज लावून पेटीला हात लावून पळतात. सटवाआबांनी सुंदररावांच्या फोटोवर लिंबू-मिरची बांधली. ती नेमकी त्यांच्या हनुवटीखाली आली आहे, तुम्ही असता तर हसला असता. छबुबाई म्हणतात की साखरा पेटीत बसलीय, बंकटची वाट बघत.

खरे सांगतो, मलाही ते पटवून घ्यावेसे वाटते. भूत असेल तर ते साखराबाईंचे काम आहे. वाफ असेल तर ते माझे.

भाकरी पूर्ण खातो आहे. आईला तसे कळवा.

तुमच्या लोभावर विसंबून असलेला,
आदिनाथ


सिरसाळा
११ जानेवारी २०२५

चि. आदिनाथ यास आशीर्वाद.

पाच दिवस प्रयोग केलेस, पुरे झाले. जीव गेल्यावरही देहाची ऊब लगेच जात नाही. पोटात, छातीत सात-आठ तास टिकते. ती ऊब तोंडावाटे आली असेल, ओले लुगडे होतेच. दुपारी एकला ती संपली. इतकेच.

यापुढे याविषयी कोणाशी बोलू नकोस. बंकटला तर मुळीच नाही. तो पुन्हा तोडीवर आहे, त्याच्या हातात कोयता असतो, त्याचे डोके जागेवर राहू दे. वहीतले ते पान फाडून टाक. जाळ. मी सांगतो म्हणून कर.

वनमालाला तुझ्यासाठी आष्टीत स्थळ पाहायला सांगितले आहे. पेटीवाला म्हणून नाही, मंडपवाला म्हणून सांग म्हटले.

मामाचा हात तुझ्या डोक्यावर आहे, हे विसरू नकोस.

मामा


टाकळवाडी
शुक्रवार, २४ जानेवारी २०२५, सकाळी ११

तीर्थरूप मामांस,
शि. सा. न. वि. वि.

पान फाडलेले नाही. क्षमा असावी. देहाच्या उबेचे तुमचे म्हणणे मी मानले असते, मामा. त्या दिवशी छबुबाई म्हणाल्या होत्या की अंग दगडासारखे गार लागले, तरी मी मानले असते. पण बेडकाच्या पायाची उडीसुद्धा मिलिमीटरमध्ये लिहायला लावणारे तुम्ही मला पान फाडायला सांगता, हे वाचले आणि माझी झोप गेली.

आता पुढचे ऐका. गेल्या शुक्रवारी, १७ तारखेला, सकाळी सव्वासातला सटवाआबांचे धाकटे भाऊ तात्याबा शेतात सापडले. वय चौऱ्याहत्तर. शेतीला वीज रात्रीच असते, म्हणून ते गव्हाला पाणी द्यायला गेले होते. सरीत पाय घसरून पडले आणि पाण्यातच राहिले. दोघांनी बाजेवर घालून आणले. अंग निळसर, हात आखडलेले. छबुबाईंनी सूत धरले. सूत हलले नाही. सटवाआबांनी मनगट धरले, बराच वेळ सोडले नाही. भाऊच तो. मग माझ्याकडे न बघता म्हणाले की आण पेटी.

मी शेडमध्ये गेलो आणि पेटीच्या झाकणावर बसलो.

तसे मी काही ठरवले नव्हते. पाय आपोआप वर गेले. मी म्हणालो की आधी ऊब द्यायची, दोन तास, मग पेटी. सगळे अंगावर आले. सटवाआबा म्हणाले, अकरावीतून पळालेला डागदर झाला का बे, पेटी काय तुझ्या बापाची हाय? मी म्हणालो, नाही, सुंदररावांची आहे, त्यांना फोन लावा. यावर कोणीतरी हसले, ते बरे झाले, कारण सटवाआबांनी काठी उचलली होती. छबुबाई मधे पडल्या. म्हणाल्या, दोन तासानं काय बिघडतंय, तसाही त्याचा लेक रातच्यालाच पोचंल.

मी १०८ ला फोन केला. पलीकडच्या बाईंनी सांगितले की ओले कपडे कापून काढा, घोंगडीत गुंडाळा, चोळू नका, हलवू नका. आम्ही तसे केले. वाळू गरम करून फडक्यात बांधून, हात भाजत नाही ना हे पाहून, काखेत आणि छातीशी ठेवली. मी छबुबाईंच्या भिंतीवरचा आरसा आणला आणि तात्याबांच्या नाकाशी धरला. ७:५५ ला काही नाही. ८:०५ ला मी आरसा धरून एक ते चाळीस मोजले. एकेचाळीसला वाफ धरली.

त्याच आकाराची, मामा. तशीच कडा, तशीच मधे दाट. मी आरसा सटवाआबांसमोर धरला. ते खाली बसले.

गाडी ९:२० ला आली. काल तात्याबा घरी आले. भाकरी खातात, चालतात, आणि माझे नवे धोतर कुणी कापले म्हणून येणाऱ्या-जाणाऱ्याला शिव्या देतात. सुंदरराव शाल-नारळ घेऊन आले, माझ्या खांद्यावर हात ठेवून फोटो काढला. चौकात फलक लागला आहे, त्यात माझे नाव त्यांच्या नावापेक्षा बारीक. पेटीची लिंबू-मिरची निघाली, आता तिच्यापुढे नारळ फोडतात. जागृत आहे म्हणतात. काल सटवाआबा आले, माझा हात धरून बसले, मग उठून गेले. त्यांनाही तेच कळले असेल. साखराबाईंचे मनगट त्यांनीच पाहिले होते.

सगळे म्हणतात, पोराने जीव वाचवला. आई देवाला साखर ठेवते. पण तात्याबा जिवंत निघाले म्हणजे त्या दिवशीचे सूत खोटे, मनगट खोटे. उरते ती माझ्या वहीतली वाफ. ८:५५ ते १२:५०. तीन तास पंचावन्न मिनिटे मी शेजारी बसून लिहीत होतो.

तुम्हाला हे आधीपासून माहीत होते का? एवढेच विचारतो. उत्तर काहीही असले तरी माया पातळ होऊ देऊ नका.

आदिनाथ


सिरसाळा
३० जानेवारी २०२५

चि. आदिनाथ,
अनेक आशीर्वाद.

होय. माहीत होते. नक्की नव्हे, पण पुरेसे. गारठलेला माणूस मेल्यासारखा दिसतो, ऊब दिल्याशिवाय त्याला मेलेला म्हणू नये, हे आमच्या जीवशास्त्राच्या सरांनी मला कधीच सांगितले होते. तुझ्या पहिल्या पत्रात ओले लुगडे आणि हौद वाचले तेव्हाच ते आठवले. तरी तुला रबराची गोष्ट लिहिली. तू एकुलता, तुझे वडील नाहीत, तू रात्रभर एका ऱ्हस्व-दीर्घासाठी जागणारा मुलगा. वाटले, या ओझ्याने मोडशील.

पण आणखी एक आहे. हे मी कोणाला सांगितलेले नाही, तुझ्या मामीलाही नाही.

बेडकाची ती गोष्ट. एका वर्षी क्लोरोफॉर्म जुना होता. मी बेडूक पाटावर टाचण्यांनी ठोकला, पोट उघडले, चाळीस मुले भोवती. तार माझ्या हातात होती, अजून लावली नव्हती. आणि पाय उडाला. मी खाली पाहिले तर बेडकाचा गळा हलत होता. मुलांच्या लक्षात आले नव्हते. सर खिडकीत उभे होते. मी पटकन तार टेकवली आणि म्हणालो, पाहा, वीज. मुलांनी टाळ्या वाजवल्या. किंचाळला तो एकटा तू. तू भूत म्हणालास आणि वर्ग तुला हसला. मीही हसलो. त्या दिवशी माझ्यापेक्षा तू खऱ्याच्या जवळ होतास.

त्यानंतर मला एक सवय लागली. आवाज ठाम ठेवायचा, कारण द्यायचे, पुढे जायचे. गेल्या महिन्यात तुला तेच दिले.

पान फाडू नकोस. बंकट परत येईल तेव्हा त्याला वाचून दाखव. कोयता, डोके वगैरे मी लिहिले ते भित्रेपणाचे होते. त्याच्या आईचे आहे, ते त्याला माहीत पाहिजे. तू काय होतास तेही सांग: ज्याला मोठ्यांनी सांगितले आणि ज्याने विचारले, पण झाकण उघडले नाही. यातले काही कमी करू नकोस, वाढवूही नकोस.

त्या परदेशी घंटेची मी थट्टा केली होती. तू ती बसव. पेटीत बटण, बटणाला दोरा, दोरा बोटाला, घंटा बाहेर. आणि ऊब दिल्यानंतरच पेटी, हा नियम शेडवर रंगवून घे. घंटेबरोबर एक दिवाही लाव. शेजारी बसलेला माणूस माझ्यासारखा बहिरा असू शकतो. एक हजार रुपये मनिऑर्डरने पाठवत आहे. हिशेब मागत नाही, पण तू देणारच.

तुझ्या मामाला तू जसा ओळखत होतास तसा तो नव्हता. आता जसा आहे तसा सांभाळून घे.

मामा


टाकळवाडी
बुधवार, २ एप्रिल २०२५, सायंकाळी ५:२०

तीर्थरूप मामांस,
शि. सा. न. वि. वि.

घंटा बसवून आता उठलो. ती दुसरी घंटा आहे. पहिलीचे पुढे लिहितो.

तुमच्या मागच्या पत्राला मी दोन महिने उत्तर दिले नाही. राग नव्हता. त्या वर्गात मी होतो, मला तो बेडूक आठवत होता, आणि वर्षानुवर्षे मी स्वतःला भित्रा समजत आलो. ते पत्र मी वहीत, त्याच पानाशेजारी ठेवले आहे.

तोडीवरची माणसे पाडव्याच्या आधी परतली. बंकटभाऊ शुक्रवारी आले. सण होऊ दिला आणि सोमवारी सकाळी साडेनऊला त्यांच्याकडे गेलो. सटवाआबांना बरोबर चला म्हणालो होतो. ते फाटकापर्यंत आले, आत आले नाहीत, पण परतही गेले नाहीत.

बंकटभाऊ ओट्यावर कोयत्याला नवी मूठ बसवत होते. मी उभा राहूनच वही वाचली. हौद, सूत, मनगट, पेटी, वाफ. तात्याबांचेही सांगितले. त्यांनी मूठ खाली ठेवली नाही आणि ठोकलीही नाही. म्हणाले, टाइम पुन्हा वाच. मी वाचले. १०:२०, १०:३२, १०:४१, असे १२:५० पर्यंत. म्हणाले, पुन्हा. मी पुन्हा वाचले.

मग सांगू लागले की फोन आला तेव्हा ते फडात होते. मुकादम म्हणाला की गाडी भरून दे, मग जा. त्यांनी मोळ्या बांधल्या, गाडी एकला भरली, दीडला ते निघाले. म्हणाले, ती वाफ यायची तवा मी मोळ्या बांधत व्हतो की रं.

मी वही मिटली.

त्यांनी विचारले की तू कुठं व्हतास त्या टायमाला. मी म्हणालो, शेजारी, स्टुलावर. सटवाआबांना बोलवायला गेलो ती आठ मिनिटे सोडून, तुम्ही पहाटे येईपर्यंत. त्यांनी विचारले की तोंड कसं व्हतं तिचं. मी म्हणालो, डोळे मिटलेले, सुरुवातीला होते तसेच शेवटी. दर अर्ध्या तासाला पाहून लिहिले आहे. दाखवू का म्हणालो. नको म्हणाले. बराच वेळ कोयत्याच्या पात्यावरून अंगठा फिरवत राहिले. मग म्हणाले, म्हंजी ती एकटी न्हवती.

एवढे म्हणून ते आत गेले. माफ केले असे म्हणाले नाहीत. दारातून वळून म्हणाले, थोडे दिस माझ्या दारात येऊ नको. फाटकाशी सटवाआबांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि आम्ही दोघे परत आलो.

मला वाटले ते तिथेच संपले. काल सकाळी बंकटभाऊ आपणहून शेडवर आले. भिंतीवर रंगवलेला नियम वाचला, बोट ठेवून, एकेक अक्षर. झाकण उघडले. आतला दोरा स्वतःच्या बोटाला गुंडाळला आणि ओढला. घंटा वाजली, दिवा लागला. पुन्हा ओढला. मग झाकण लावून, दोरा फटीतून बाहेर घेऊन, शेडच्या दारापर्यंत जाऊन ओढला आणि आवाज ऐकला. मी कोपऱ्यात उभा होतो. माझ्याकडे न पाहता म्हणाले, आवाज बारीक हाय, मोठी बसव.

आज आष्टीहून मोठी आणली. ओढून पाहिली. छबुबाई त्यांच्या अंगणातून ओरडल्या की कोण हाय. म्हणजे तिथपर्यंत जाते. फेब्रुवारीपासून पेटी दोनदा लागली. दोन्ही वेळा आधी ऊब दिली, आरसा धरला, आणि हळदकुंकवाआधी बायांनी स्वतःच बोटाला दोरा बांधला. जणू पहिल्यापासून तसेच करत आल्या होत्या. दोन्ही वेळा मी रात्रभर शेजारी बसलो. घंटा वाजली नाही.

स्थळाचे आई विचारते. पेटीवाला म्हणूनच सांगा.

हिशेब मागत नाही म्हणालात, तरी देतो.

आपल्याकडून जमा: १००० रुपये.
खर्च:
अंगाची ऊब मोजायला, पस्तीस अंशांच्या खालीही दाखवणारा तापमापक ३५०
छबुबाईंना नवा आरसा (जुना त्यांना परत नको होता) ६०
पहिली घंटा, बटण, वायर, दिवा ४१०
मोठी घंटा ६८०
एकूण १५००.
देणे:
विजेच्या सामानवाल्याचे ५००, वैशाखातल्या मांडवाचे पैसे आले की देईन.
साखराबाईंचे: आकडा लिहिलेला नाही. ओळ मोकळी ठेवली आहे.

जसा आहे तसाच,
तुमचा आदिनाथ